अण्णांनी न ओढलेला खटका

गडहिंग्लजच्या कुलदीपअण्णा मगदुमांना आपण आज मरणार आहोत हे सकाळच्या चहानंतर कळलं. त्यावर त्यांच्या मनात आलेला पहिला विचार असा होता की, मग हत्तरकीकाकूंचा मसाला सादळणार.

उन्हाळ्याचे दिवस, म्हणजे त्या भागात चटणीचे दिवस. घरोघरी संकेश्वरी मिरच्या उन्हात पडलेल्या, धणे-खोबरं-तीळ भाजून झालेले, आणि वर्षाची कांदा-लसूण चटणी कुटून घ्यायला बायका डबे घेऊन अण्णांच्या कांडपावर रांगेत बसलेल्या. कांडप म्हणजे ओळीनं मांडलेली लोखंडी उखळं आणि त्यांत धपाधप पडणारी लोखंडी मुसळं. बायका नंबर लावायच्या, एकमेकींच्या सुनांची चौकशी करायच्या आणि शिंकायच्या. हे वर्षानुवर्षं चाललं होतं. त्या दिवशी मात्र अण्णांनी सकाळी यंत्राची झडप उघडली आणि मुसळं वरच्या वर उभी राहिली, शाळेतल्या शिक्षा झालेल्या पोरांसारखी.

दुरुस्तीला शर्वरी नाईकवाडी आली. पंचविशी ओलांडलेली, स्कूटरवरून सगळा तालुका पालथा घालणारी तंत्रज्ञ. तिनं यंत्राचं झाकण काढलं, आत डोकं घातलं, बाहेर काढलं, हात पुसले.

"यंत्रात बिघाड नाही, अण्णा."

"मग चालत का न्हाई?"

शर्वरीनं झाकण परत बसवलं. "म्हणजे... आज संध्याकाळी तुम्ही खटका ओढणार नाही आहात."

"कोण म्हणतंय? ओढणार की! रोज ओढतोय."

"ओढणार असता तर सकाळी सुरू झालं असतं."

रांगेतलं शिंकणं थांबलं.

इथं थोडं विज्ञान सांगणं भाग आहे. ज्यांना ते येतं त्यांनी तेवढ्यात पाणी पिऊन यावं.

डॉक्टर यामिनी अष्टेकर नावाच्या बाईंनी 'वळशाचा सिद्धान्त' मांडला त्याला तेव्हा दहाबारा वर्षं झाली होती. त्यांचं म्हणणं असं की, काळ पुढं पुढं वाहतो हे खरं, पण वाहत्या पाण्यात जसे भोवरे पडतात तसे काळातही लहान लहान वळसे पडतात. ते इतके लहान असतात की एखादा कण क्षणभर मागं जाऊन येतो आणि कुणाला पत्ताही लागत नाही. अष्टेकरबाईंनी असा एक वळसा पकडला आणि ताणून ताणून सकाळपासून संध्याकाळपर्यंत लांबवला. त्यातून वस्तू जात नाही, माणूस तर नाहीच. जातो तो फक्त धक्का. संध्याकाळी फिरत्या जड चाकाचा धक्का वळशात सोडला की तो त्याच दिवशीच्या सकाळी बाहेर पडतो. सकाळी ते चाक उभं असतं. धक्का बसतो, चाक फिरू लागतं, दिवसभर मुसळं नाचवतं, आणि संध्याकाळी त्याच चाकाचा तोच धक्का पुन्हा सकाळकडं रवाना. वीज नाही, डिझेल नाही, धूर नाही. मग मुळात हा धक्का दिला कुणी? एका परिषदेत कुणीतरी हे विचारलं. अष्टेकरबाई म्हणाल्या, "कुणीच नाही," आणि जेवायला गेल्या.

धक्का वळशात सोडायचा तो एक खटका ओढून, आणि तो माणसाच्या हातानंच ओढावा लागे. सुरुवातीला यंत्राकडून ओढवून पाहिला होता. पण यंत्र अचूक असतं, म्हणजे रोज नेमकी तीच बारीक चूक करतं, आणि वळशात फिरून फिरून ती चूक साठत जाऊन सगळं पेट घेतं. माणूस रोज वेगळी चूक करतो, त्यामुळं त्याच्या चुका एकमेकींना खाऊन टाकतात. चालण्यासाठी माणसाचा गलथानपणा आवश्यक असलेलं हे पहिलंच यंत्र. सरकारी कार्यालयांनी ते ताबडतोब घेतलं. फक्त एक होतं. वळसा एका हाताची सवय धरायचा, दुसऱ्याचा हात बसायला महिना जायचा. त्यामुळं ज्याचं यंत्र त्यानंच संध्याकाळी हजर राहायला हवं.

प्रत्येक दिवसाचा वळसा वेगळा. सकाळी झडप उघडली आणि धक्का आला, म्हणजे संध्याकाळी खटका ओढला जाणार. नाही आला, म्हणजे नाही ओढला जाणार. का, ते यंत्राला ठाऊक नसतं. त्याची तेवढी चौकशी करायची वृत्ती नाही.

पण गल्लीची होती.

"असं कसं ओढणार न्हाई?" रांगेतल्या पहिल्या नंबरच्या हत्तरकीकाकू म्हणाल्या. काकू गल्लीत सगळ्यांत वडील. गल्लीतलं कुणी आजारी पडलं तर आधी काकूंना कळायचं, मग त्या माणसाला. "कावीळ झालीती तवा ओढला. पाय प्लास्टरात होता तवा खुर्चीवर बसून चौघांनी उचलून आणला, तवा ओढला. लेकीच्या लग्नात पंगत सोडून आला. व्हय का न्हाई गा, कुलदीप?"

"व्हय," अण्णा म्हणाले.

"वडील वारले तवा?"

"स्मशानातनं थेट इकडंच आलोतो."

"मग?" काकूंनी सगळ्यांकडं बघितलं. "असा माणूस खटका ओढत न्हाई म्हंजे काय?"

सगळ्यांनी अण्णांकडं बघितलं. कुलदीपअण्णा एखादी संध्याकाळ सुट्टी घेतील यापेक्षा ते मरतील हे त्या गल्लीला अधिक शक्य वाटलं. आणि खरी गंमत अशी की अण्णांनाही तसंच वाटलं. त्यांनी मनाशी दुसरं एखादं कारण शोधून बघितलं. सापडलं नाही.

"एवढ्या वर्षांत एक दिवस जरी खटका राहिला असता," दारात उभ्या असलेल्या राजश्रीवहिनी म्हणाल्या, "तर आज कुणी घाबरलं नसतं." एवढं बोलून त्या आत गेल्या आणि भांडी जरा जोरात ठेवू लागल्या. राजश्रीवहिनी म्हणजे अण्णांच्या पत्नी. संध्याकाळी नवऱ्याबरोबर कुठं जायचं असतं ही गोष्ट त्यांनी फक्त ऐकलेली होती.

डॉक्टरांना बोलावलं. त्यांनी छाती तपासली, नाडी बघितली, आणि ओशाळून म्हणाले, "काही सापडत नाही हो. बैलासारखी तब्येत आहे."

"बघा की अजून नीट," हत्तरकीकाकू म्हणाल्या. "एवढे सगळे थांबलेत."

दुपारपर्यंत बातमी गावभर झाली. अण्णा ओट्यावर बसून राहिले. करायला काही काम नसताना दिवसाउजेडी बसायची त्यांना सवय नव्हती, त्यामुळं हात कुठं ठेवायचे हा प्रश्न होता. माणूस मरणार असला की त्यानं राहिलेल्या गोष्टी उरकाव्यात असं त्यांनी ऐकलं होतं. त्यांनी विचार केला, आपलं काय राहिलंय? आणि त्यांच्या लक्षात आलं की, आभार. आयुष्यात आपण कुणाचे आभार असे मानलेलेच नाहीत. सुरुवात घरापासून करावी म्हणून ते आत गेले.

"राजश्री."

"काय?"

"तू... म्हंजे इतकी वर्षं... माझं सगळं..."

"काय झालं? छातीत दुखायलंय?"

"न्हाई गं. म्हंजे, चहा बरा झालता सकाळचा."

वहिनींच्या हातातलं पातेलं पडलं. इतक्या वर्षांत नवऱ्यानं चहाला बरं म्हटल्याचं त्यांच्या कानावर आलं नव्हतं. "असं बोलू नका वो," त्या म्हणाल्या आणि पदर तोंडाला लावला. "आता खरंच भ्या वाटायलंय मला."

अण्णा पुन्हा ओट्यावर येऊन बसले. आभार मानणं हे वाटलं होतं त्यापेक्षा धोक्याचं काम होतं.

तेवढ्यात दिग्विजय आला. दिग्विजयचा फ्लेक्सचा व्यवसाय. गावातल्या कुणाचा वाढदिवस, निवड, सत्कार किंवा मृत्यू त्याच्या हातून सुटत नसे. त्यानं टॅबलेट पुढं केला.

"अण्णा, डिझाइन बघून घ्या. छापल्यावर मग चूक निघाली की माझ्या नावानं बोंब."

वर 'भावपूर्ण श्रद्धांजली' असं होतं. मधोमध काळा गॉगल लावलेल्या दिग्विजयचा, हात जोडलेला मोठा फोटो.

"ह्यात मी कुठं हाय?" अण्णांनी विचारलं.

"तो वरचा, कोपऱ्यातला. गोलातला."

अण्णांनी डोळे बारीक केले. "हा तर माझ्या मेव्हण्याचा फोटो."

"बघा! म्हणून दाखवायला आलो." दिग्विजयनं खिशातून पेन काढलं. "तारीख आजचीच टाकू न्हवं?"

"टाक बाबा."

"थँक्यू अण्णा. लई सहकार्य असतं तुमचं."

दिग्विजय जातो न जातो तोच शर्वरी धापा टाकत परत आली. ती दुपारभर कंपनीच्या मुख्य कचेरीशी बोलत बसली होती आणि आता तिच्या चेहऱ्यावर जरा उजेड होता.

"अण्णा, अष्टेकरबाईंचा दुसरा नियम! मी शिकले होते, पण परीक्षेपुरता." ती ओट्यावर बसली. "आज खटका ओढला जाणार नाही, एवढंच ठरलेलं आहे. तुम्ही मरणार असं कुठं ठरलंय? ओढायला गेलात तर काहीतरी आडवं येईल. आणि निसर्ग आळशी असतो. जेवढ्यास तेवढंच करतो. तुमची ओढायची ओढ जेवढी जोरकस, तेवढंच मोठं काहीतरी आडवं येणार."

"म्हंजे?"

"म्हणजे ज्याला फारसं ओढायचं नसतं, त्याला नुसती शिंक येते आणि राहून जातं. थोडं जास्त ओढायचं असलं तर पाय मुरगळतो."

"आणि मला?"

शर्वरीनं वर बघितलं. ओट्याला लागूनच असलेल्या कांडपाच्या खोलीवर जुन्या पत्र्याचं छप्पर होतं. अण्णांनीही वर बघितलं.

"कोंडून घालूया की ह्याला," हत्तरकीकाकू म्हणाल्या. त्या गेल्याच नव्हत्या.

"एका गावात तेच केलं होतं, काकू. तो माणूस माडीच्या खिडकीतून उडी मारून निघाला. दोन्ही पाय गेले."

"माझा नवरा कौलं काढून जाईल," वहिनी आतून म्हणाल्या.

"एसटीत घालून पाठवा मग कोल्हापूरला."

"मी उतरून चालत येईन," अण्णा प्रामाणिकपणे म्हणाले. "काकू, मला जायचं नसतंच वो. पण भोंगा झाला की हात आपसूक उठतोय. माझं काय चालतंय त्येच्यापुढं?"

भोंगा म्हणजे नगरपालिकेचा सात वाजताचा भोंगा. अण्णांचा खटका त्याच वेळेला बांधलेला. विचार करून बघता त्या संध्याकाळी खटका ओढण्यात काही अर्थ नव्हता, कारण तो धक्का जिथं जायचा ती सकाळ केव्हाच होऊन गेली होती. हे अण्णांना कळत होतं. त्यांच्या हाताला कळत नव्हतं.

"मग एकच उपाय," शर्वरी म्हणाली. "सातला तुम्हाला मनापासून ओढावंसं वाटता कामा नये. मनापासून, अण्णा. दाखवायला नको."

एखाद्याची इच्छा कमी करणं हे काम त्या गल्लीनं याआधी कधी केलं नव्हतं, म्हणजे ठरवून केलं नव्हतं. तरी सगळे लागले. दिग्विजयनं टॅबलेटवर क्रिकेटचा सामना लावून दिला. अण्णांनी दोन षटकं बघितली आणि विचारलं की, ह्यात बॉल आणायला एवढी माणसं कशाला. निवृत्त मुख्याध्यापक कोरी सर आले. त्यांनी दुपारी शोकसभेचं भाषण तयार केलं होतं आणि ते वाया जाऊ नये असं त्यांना वाटत होतं.

"कालवश कुलदीपअण्णा आज आपल्यात नाहीत," सरांनी सुरुवात केली.

"हाय की," अण्णा म्हणाले.

"मध्ये बोलू नका, लय तुटते. आज आपल्यात नाहीत. पण त्यांच्या मुसळांचा नाद..."

भाषण लांबलं. ते ऐकून अण्णांची खटका ओढायची इच्छा कमी झाली नाहीच, उलट उठून कुठंही जायची इच्छा वाढली. शर्वरीनं सरांना हात जोडून थांबवलं. ऊन उतरायला लागलं होतं. शर्वरीनं नखं खायला सुरुवात केली.

हत्तरकीकाकू मघाशीच उठून घरी गेल्या होत्या. आता परत आल्या त्या पदराखाली एक वाटी घेऊन. त्यांनी ती अण्णांपुढं ठेवली. लालभडक चटणी, वर तेलाचा तवंग.

"धर. खा."

अण्णा मागं सरकले. "काकू, हे बरं न्हवं."

कांडपवाल्यानं गिऱ्हाइकाची चटणी चाखायची नाही, हा त्या भागातला न लिहिलेला नेम. प्रत्येक घराचं प्रमाण वेगळं, आणि सासू ते सुनेला देते तेही बऱ्याच वर्षांनी, सून टिकणार अशी खात्री पटल्यावर. कांडपवाल्याची जीभ सैल सुटली तर या घरची चव त्या घरी जायला वेळ लागत नाही. म्हणून चांगला कांडपवाला नाकाला फडकं बांधतो आणि जिभेला कुलूप घालतो. गल्लीतल्या सगळ्या घरांची मिरची अण्णांच्या डोळ्यांत गेली होती, नाकात गेली होती, कपड्यांत कायमची बसली होती. जिभेवर मात्र घरची सोडून एकही नाही.

"मरणाऱ्याला कसला आलाय नेम?" काकू म्हणाल्या. "मागनं पानात वाढून कावळ्याची वाट बघत बसण्यापरीस आत्ता खा. कावळ्याला तिखट सोसत बी न्हाई." आणि मग, जरा थांबून, दुसरीकडं बघत, "माझी चटणी तू इतकी वर्षं कुटलीस. एकदा तरी खाल्ली पायजेस न्हवं तू."

वहिनींनी आतून गरम भाकरी आणून दिली. अण्णांनी तुकडा मोडला, चटणीला लावला आणि तोंडात घातला.

आधी लसूण आला. मग जरा गोडसर काहीतरी. मग मिरची आली, पण एकदम नाही, आधी दार वाजवून आली. अण्णांचे डोळे मोठे झाले.

"काकू, तीळ जास्त हाईत व्हय ह्यात?"

"तीळ न्हाईत. कारळं."

"कारळं?" अण्णा वाटीकडं बघत राहिले. "मी आजवर वासावरनं तीळ समजत होतो."

"समजायचं तुझं तू. मी कुठं सांगितलंय?" काकू हसल्या. सकाळपासून त्या गल्लीत पहिल्यांदा कुणी हसलं होतं.

हे बघून समोरच्या मुल्लांच्या जुलेखाभाभी उठल्या आणि घरी जाऊन बरणी घेऊन आल्या. त्यांच्या मागोमाग मगदुमांच्या भावकीतल्या दोघी. मग कोपऱ्यावरच्या. कुणी कुणाला सांगितलं नाही, पण बघता बघता वाट्या-बरण्या-डबे घेऊन बायका ओट्यापुढं आल्या आणि सवयीनं नंबर लावून बसल्या.

"अण्णा, आमच्यात दगडफूल दुप्पट असतं," जुलेखाभाभी वाटी सरकवत हळूच म्हणाल्या. "कुणाला सांगू नका." मग त्यांच्या लक्षात आलं. "सांगणार कुणाला म्हणा."

अण्णांना ठसका लागला. हसून की तिखटानं, ते त्यांनाही कळलं नाही. त्यांनी घास घेतला. ही चटणी निराळीच होती. काळसर, खोल, बोलता बोलता एकदम गंभीर होणाऱ्या माणसासारखी.

"ही पाटलांच्यासारखी लागतीय," ते जाणकारासारखे म्हणाले.

"काय सारखी न्हाई!" मागच्या नंबरवरून पाटलांची सून ओरडली.

"सासूबाई अचानक गेल्या त्या साली मला प्रमाण ठाऊक नव्हतं," जुलेखाभाभी म्हणाल्या. "अंदाजानं सगळं भाजून आणलं होतं. तुम्ही डबा उघडलासा, वास घेतलासा आणि म्हणालासा, 'भाभी, दरसालापरीस धणे कमी वाटतात, बघा.' मी घरी जाऊन धणे भाजून आणले, तुम्ही तोवर नंबर ठेवलासा. घरात सगळे जेवायला बसले आणि म्हणाले, अम्मीची चटणी. अण्णा, मी तुम्हाला तवा काय म्हटलंच न्हाई."

"काय म्हणायचं असतंय त्यात?" अण्णा म्हणाले, आणि मान खाली घालून भाकरीचा तुकडा नको इतका नीट मोडू लागले.

त्यांना खरं तर पुष्कळ बोलायचं होतं. विजेवरचं जुनं कांडप जळून गेलं होतं, त्या वर्षी गल्लीतल्या बायकांनी दुसऱ्या कांडपावर न जाता घरच्या उखळात हातानं मिरची कुटली होती. हाताला फोड आले, पण तिकडं गेल्या नाहीत. मग हे वळशाचं यंत्र आणलं, तेव्हा गावात कुणाचा त्यावर विश्वास नव्हता. ह्यातून काढलेली चटणी खाल्ली तर माणूस कालच्या दिवशी जाऊन पडतो, असं लोक म्हणायचे. त्या पहिल्या सकाळी अण्णांनी दार उघडलं तर बायका डबे घेऊन बसलेल्या. पुढं हत्तरकीकाकू. "लाव सुरू," एवढंच म्हणाल्या होत्या. तेव्हापासून अण्णांनी एकही खटका चुकवला नव्हता. एक संध्याकाळ चुकली तर सकाळी यातल्या कुणाचातरी डबा परत जाईल, आणि ते त्यांना सोसलं नसतं. आभार मानायची त्यांची तेवढी एकच पद्धत होती, आणि ती इतकी बिनबोभाट होती की स्वतः त्यांनाही आजपर्यंत कळली नव्हती.

हे सगळं सांगायला त्यांनी तोंड उघडलं, आणि पाटलांच्या सुनेनं त्यात घास दिला.

"आता बोला," ती म्हणाली. "मुल्लांच्यासारखी हाय का?"

नव्हती. अजिबात नव्हती. ही तर तोंडात जाऊन भांडण काढणारी चटणी होती, आणि भांडण मिटल्यावर मागं कांद्याचा गोडवा ठेवणारी. अण्णांनी मान हलवली. पुढची वाटी आली. तिच्यात जवस होतं. पुढचीत खोबरं इतकं भाजलेलं की धुराची आठवण यावी. अण्णा प्रत्येक चटणी ओळखायला जात होते आणि प्रत्येक वेळी चुकत होते, आणि बायका दर चुकीला टाळ्या पिटत होत्या. कोरी सर भाषणाच्या कागदावर भाकरी घेऊन बसले. शर्वरीच्या हातातही कुणीतरी चटणी-भाकरी दिली होती. घड्याळावर लक्ष ठेवायचं काम तिचं होतं, पण तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि घड्याळ दिसत नव्हतं. आत वहिनी भाकऱ्या थापत होत्या, भाजत होत्या आणि आणून वाढत होत्या. संध्याकाळच्या वेळी नवरा समोर बसून जेवतोय, हे त्यांनी दोनतीनदा दारातून डोकावून खात्री करून बघितलं.

आणि भोंगा झाला.

सगळी गल्ली जागच्या जागी थिजली. भोंगा लांब सुरात वाजत राहिला. अण्णांचा उजवा हात ताटातून उठला. कोपरापर्यंत लाल झालेला तो हात नेहमीच्या वाटेनं, नेहमीच्या उंचीला निघाला. कांडपाच्या छपराचा एक पत्रा कुरकुरला. राजश्रीवहिनी अर्धी भाकरी हातात घेऊन दारात उभ्या होत्या. त्या ओरडल्या नाहीत. त्यांनी फक्त नवऱ्याकडं बघितलं आणि नेहमीच्या आवाजात विचारलं, "आणखी वाढू?"

अण्णांनी आत, रोज जिथं ती ओढ असायची तिथं बघितलं. घाईघाईनं नाही, चप्पल शोधावी तसं सावकाश, इकडंतिकडं बघितलं. ती तिथं नव्हती. तिथं लसूण होता, कारळं होती, दगडफूल होतं, जवस होतं, आणि ओट्यापुढं नंबर लावून बसलेली एवढी माणसं होती. खटक्याला उभं राहायला जागाच शिल्लक नव्हती.

हात हवेत जरा घुटमळला. मग खाली आला आणि वाटीत गेला.

"वाढ," अण्णा म्हणाले. "जरा खरपूस भाकरी वाढ."

भोंगा थांबला. पत्रा गप्प झाला. मग शर्वरीनं डोळे पुसून घड्याळ बघितलं, पुन्हा पुसून पुन्हा बघितलं, आणि म्हणाली, "वेळ गेली. अण्णा, वेळ गेली! काही झालं नाही!"

वहिनी दारातच मटकन खाली बसल्या. अण्णा त्यांच्याकडं बघत राहिले. दुपारचं वाक्य त्यांच्या घशाशी पुन्हा आलं होतं. या वेळी त्यांनी ते चहाकडं वळू दिलं नाही.

"राजश्री," ते म्हणाले, "तुझ्यामुळं चाललंय बघ सगळं. यंत्र बिंत्र नुसतं नावाला."

वहिनींनी मान हलवली. त्यांना रडू आलं, आणि रडताना चटणीचा हात डोळ्याला लागल्यामुळं ते पुष्कळ वेळ टिकलं. दिग्विजय हळूच टॅबलेट घेऊन बाजूला गेला आणि 'भावपूर्ण श्रद्धांजली' खोडून तिथं 'हार्दिक अभिनंदन' लिहू लागला. फोटो बदलायची त्याला गरज वाटली नाही.

गल्लीत एकच गलका झाला. तो जरा ओसरल्यावर हत्तरकीकाकू पुढं सरसावल्या. त्यांनी पदर खोचला.

"ते सगळं असू दे," त्या म्हणाल्या. "कुलदीप, आता खरं सांग. चटणी कुणाची चांगली?"

पुन्हा शांतता झाली. भोंग्याच्या वेळी झाली नव्हती इतकी. रांगेतल्या सगळ्या बायका अण्णांकडं बघू लागल्या. जुलेखाभाभींनी भुवई वर केली. पाटलांच्या सुनेनं हाताची घडी घातली. शर्वरी नकळत छपराकडं बघू लागली.

अण्णांनी ताटावरून बोट फिरवलं, चाटलं, आणि गल्लीतल्या एकेका चेहऱ्याकडं बघितलं. सकाळपासून एक शब्द तिथं कुणी तोंडातून काढला नव्हता. लहान पोरांनीसुद्धा तो सांभाळून टाळला होता.

"उद्या सांगतो," अण्णा म्हणाले.